बुजवलेला रांजण

पहिल्या जर्मन लढाईचं तिसरं वर्ष होतं. लोणावळा स्टेशनात मुंबईची गाडी आली आणि तीतून कासम रंगारी रिकाम्या हातांनी उतरला. तिकोणा पेठेच्या रतनबाई सकाळपासून त्याचीच वाट पाहत बसल्या होत्या. मी शेजारच्या बाकावर होतो.

“गावला का काळा रंग, कासम?”

“नाही, मावशी. सगळी दुकानं फिरलो. जर्मनीचा माल येतच नाही.”

“एक डबी बी न्हाई?”

“एकाकडे होती. सव्वा रुपयाची डबी, अठरा मागतो. वर म्हणतो, उद्या वीस होतील.”

“आन माजं लुगडं? पोरीची पयली संक्रांत हाय. काळी चंद्रकळा न्हाई धाडली तर सासू वरीसभर टोचून बोलंल तिला.”

“तुमचं लुगडं पांढरंच पडलंय घरी. घेऊन जा.”

“माज्या संक्रांतीची चंद्रकळा तुज्या बापानं रंगवली. आजून विटली न्हाई. तवा कुटं हुता तुजा जर्मन?”

“आब्बांचा जमिनीत पुरलेला निळीचा रांजण होता. त्यात लुगडं पुन्हा पुन्हा बुडवून काळं करायचे. रोज सकाळी बोट बुडवून जिभेला लावायचे, नीळ जिवंत आहे का बघायला.”

“मंग त्योच लाव की.”

“तो मी बुजवला. डबी स्वस्त मिळत होती, रांजणाला रोज गूळ-चुना कोण घालणार?”

“नवा लाव. बापानं शिकवलं असंल की.”

“शिकवत होते, मावशी. मी म्हणालो, पाण्यात डबीतली पूड टाकायची, त्यात शिकायचं काय.”