तिन्हीसांजेचा शॉट

इटालियन कॅमेरामनचा असिस्टंट होतास म्हणजे मजा आली असेल, म्हणतोस? ऐक. शूटिंग आमच्याच लालबागच्या खोलीत होतं. त्याला खिडकीतून येणारा संध्याकाळचा उजेड हवा होता, म्हणून आम्ही दिवसभर थांबलो. कॅमेरा सुरू झाला आणि आईने सवयीने दिवा लावून हात जोडले.

मी सगळ्यांसमोर खेकसलो, "अक्कल आहे का? शॉट घालवलास!"

तो मात्र माझ्या कानात म्हणाला, "उद्या तिचं हे दिवा लावणंच घेऊ. तिला सांगू नकोस."

दुसऱ्या दिवशी कॅमेरा आईवर. तिन्हीसांज झाली, खोलीत काळोख झाला, तरी आई हलेना. शेवटी मीच म्हटलं, "आई, दिवा लाव ना गं."

"नको रे," ती म्हणाली, "तुझा शॉट जाईल."