नवरदेव आणि रिटर्न पाइप

लग्नाच्या फोटोत मी हात मागे का लपवलेत, असं विचारताय ना? त्या दिवशी आमचं वऱ्हाड मिनीबसने पेडण्याहून शिरगावला निघालं होतं. मये गावापाशी डिझेलचा वास आला. बस थांबवून बॉनेट उघडलं, तर इंजेक्टरवरून उरलेलं डिझेल टाकीत परत नेणारी बारीक नळी चिरली होती आणि तापलेल्या इंजिनावर थेंब पडत होते.

अख्ख्या वऱ्हाडात मेकॅनिक एकच, तो म्हणजे नवरदेव!

ड्रायव्हर पक्कड घेऊन धावला. मी त्याचा हात धरला. "ओढू नको. आधी इंजिन निवू दे."

"मुहूर्त चुकतलो रे!" मामा ओरडले.

"मामा, गाडी पेटली तर मुहूर्त खंयचो?"

इंजिन निवल्यावर मी धूळ पुसली, क्लिपा सोडवल्या आणि नळी हलकेच फिरवत सरळ वर काढली. तिरकी ओढली असती तर इंजेक्टरचं तोंडच मोडलं असतं. खाली फडकं धरलं होतं, तरी डिझेल बाहीवर सांडलंच आणि हात काळे झाले ते झालेच. ड्रायव्हरकडचा रबरी नळीचा तुकडा बसवून आम्ही निघालो.

मुहूर्त जेमतेम गाठला. पण मी मांडवात उभा राहताच भटजींनी उपरणं नाकाला लावलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. माळ घालताना मी नवरीला पुटपुटलो, "वास येतोय ना? माफ कर."

ती मलाच ऐकू जाईल इतक्या हळू म्हणाली, "बाबा खाणीवरचो ट्रक चालवतत. आमच्या घराक असोच वास येता."