शेल्टरमध्ये मावतील तेवढेच

इस्रायलमधल्या हैफाच्या दवाखान्यात नंबर लागेपर्यंत जवळच्या अरब गावातून आलेली सुहैला मुलीच्या लग्नपत्रिकांवर नावं लिहीत बसली होती. शेजारच्या बाकावर एक म्हातारा-म्हातारी नातीच्या लग्नाच्या यादीवरून भांडत होती.

"हॉलवाला म्हणतो, खालच्या बॉम्ब-शेल्टरमध्ये दोनशे माणसं मावतात. तुझी यादी तीनशेची आहे, त्सिपोरा."

"मग शंभर जण वर नाचत राहतील."

"भोंगा वाजल्यावर?"

"आपल्या लग्नात नाही नाचले? सदुसष्ट साली, ऐन लढाईच्या तोंडावर?"

"तेव्हा भोंगा कुठं वाजला होता? नुसते गाडीचे दिवे निळे रंगवले होते, विमानांना दिसू नयेत म्हणून."

"आणि मी खुळी सगळ्यांना सांगत सुटले, माझ्या गेदाल्यानं माझ्यासाठी गाडी सजवली!"

"खरं कधी कळलं तुला?"

"त्र्याहत्तरच्या लढाईत. शेजारच्यानंही तसेच रंगवले, तेव्हा."

"सहा वर्षं! बरं, आता शंभर कोण गाळायचे ते बोल."

"वरपक्ष."

"सगळा? आणि नवरदेव?"

"त्याला घेऊ की. पण दाराशी उभा राहू दे."

म्हातारा खोकेपर्यंत हसला. म्हातारीचं लक्ष सुहैलाच्या मांडीवरच्या गठ्ठ्याकडे गेलं.

"तुझ्याकडेही लग्न वाटतं? किती पत्रिका गं?"

"आठशे, आजी."

"अगं बाई! एवढं मोठं शेल्टर कुठं मिळालं तुला?"

"आमच्या गावात शेल्टरच नाही," सुहैला पुढचं नाव लिहीत म्हणाली. "त्यामुळे कुणाला गाळावं लागत नाही."