बकारामच्या फोटोवरचा हार

नाही बाई, आधी बसा तुम्ही — हार पाहून घाबरू नका. तो दसऱ्याचा आहे. दसऱ्याले आमच्या दुकानात हाताले लागन त्याची पूजा होते — हातोडी, पटाशी, काच कापायचा हिरा. मी फ्रेमवाला मानूस. देवाचे फोटो, गेलेल्या लोकांचे फोटो, यावर माह्यं घर चालते. ती समोरची भिंत तेवढी नव्या चित्रकारांची. अख्ख्या गोंदियात कोन ठेवते त्यायचे चित्र? मीच ठेवतो. तुमच्या मालकाचा फोटो तिथं काऊन लावला होता? गिऱ्हाईकाले समजावं म्हनून — का हे यानं काढलं, मुर्रीच्या बकारामनं, आधी बिडीचे लेबल रंगवायचा तो. तर माह्या घरवालीनं हातोडीले फूल वाहिलं, पटाशीले वाहिलं, आन् त्या भरात फोटोलेबी हार घातला. भोळी बाई. मनात काही नव्हतं तिच्या.

मंग का झालं — राज्य बदलायच्या दिवसात, आपन मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात गेलो तवा, दिवाळीच्या तोंडावर, नागपूरचे एक साहेब आले. फोटो पाहिला, डोक्यावरची टोपी काढली. कवा गेला, म्हने. मी तोंडात खिळे धरून उभा. खोटं नाही बोललो हो, चूप राहिलो फक्त. चूप राहनं का खोटं बोलनं आहे? सालभर त्याच्या तीन चित्रांतलं एकबी हललं नव्हतं — त्या धानाच्या रोवन्याच्या बाया, तोंड नसलेल्या — लोक हसायचे, म्हनायचे, तोंड काढाले विसरला का? साहेबानं तिन्ही नेले. तरना कलावंत गेला म्हने, फार वाईट झालं. मंग त्यायचे दोस्त आले. मेलेल्या मानसाचं नवं चित्र निघत नाही ना बाई, म्हनून जे आहे त्याले मोल. बजारातली साधी बात आहे.

बकारामले म्हनलं, चार महिने बजारात दिसू नको, मागच्या खोलीत काढत बस, मी जुने म्हनून विकतो. बसला बिचारा थोडे दिवस. पन रोज तुमचं नाव घेऊन एकच टुमनं — सेठ, हार काढा, माह्या शामकलानं पाहिलं तं का म्हनन? काढू म्हनलं, घाई कायले? संक्रांतीले साहेब इथंच बसले होते, तुम्ही बसल्या तिथं, आन् हा मागून आला, हात रंगानं भरलेले. म्हने, मी बकाराम, जित्ता आहे. का करतो मी? साहेबाले सांगितलं, हा लहान भाऊ त्याचा, भाऊ गेल्यापासून डोकं फिरलं याचं. पटलं साहेबाले. याले नाही पटलं. म्हने, मी नागपूरले जातो, बायकोले घेऊन साहेबाच्या घरी जातो, मंग पाहू. मी रागावलो नाही. मी कोनावर रागावत नाही, विचारा बजारात. म्हनलं बेटा, डोकं थंड कर, कचारगडाले जा, तिथल्या जंगलातली गुहा पाहून ये, दोन-चार चित्र काढून आन. टेशनावर गाडीत बसवून दिलं आन् सीधा दुकानात वापस आलो. महिना झाला असन. दीड म्हना.

का पाहून राहिल्या? ती पेटी? हो, त्याचीच. रंगाची. राहिली इथं. कोळशानं काढतो म्हने — आन् तिथं रंग उघडाले जागा तरी कुठं, आत असा अंधार, वरून पानी टिपकते, दगड सारे शेवाळलेले, मी कंदील धरला म्हनून दोन पावलं तरी दिसून राहिली होती — म्हंजे — धरला असता. गेलो असतो तं. लोक सांगतात तसं सांगून राहिलो मी. असं पाहू नका माह्याकडे. जंगल आहे बाई ते. मानसाचा पाय घसरते. आवाज दिला तं आपलाच आवाज वापस येते, दुसऱ्याचा येत नाही. किती आवाज दिले मी.

जाऊ द्या. तांदूळ-गिंदूळ लागला तं सांगत जा, परकं समजू नका. मुर्रीत कोनी विचारलं तं सांगा, मालक कामाले गेला — नाही, तसं नका सांगू. काहीच नका सांगू.

टांगा थांबला वाटते. साहेबच होये, संग आखीन दोघं आहेत. उठा, उठा लवकर. सामोरून नको बाई — कपाळावर एवढं मोठं कुंकू घेऊन सामोरून नका जाऊ. इथं बसायचं असन तं ते पुसून बसा. नाही तं मागचं दार उघडं आहे.