मडकीघराची राखण

सन्माननीय अध्यक्ष, आपल्या खाण कामगार संघाचे प्रमुख डॉन इलारिओन. व्यासपीठावर विराजमान झालेले फादर आन्सेल्मो. आजच्या सत्कारमूर्ती सेनोबियाबाई, ज्यांना मी मानानं नुसतं ‘दोन्या’ म्हणते. समोर बसलेल्या खाणीच्या विधवा आणि काल्यापाता गावच्या समस्त बंधुभगिनींनो,

गावची मास्तरीण म्हणून मानपत्र वाचण्याचा मान समितीनं मला दिला, त्याबद्दल आभार. मानपत्र छान झालं आहे. ते मी दोन्यांच्या हाती देईन, मग त्या ते सवडीनं वाचोत नाहीतर चुलीत घालोत. त्यात लिहिलंय की मडकीघराच्या राखणीतून त्या वयोमानामुळे निवृत्त होत आहेत. परवाच मी त्यांना पाठीवर बटाट्याचं पोतं घेऊन चढण चढताना पाहिलं. कुठलं आलंय वयोमान?

फादर, आपण गावात नवे आहात, म्हणून दोन शब्द सांगते. बाकीच्यांनी कंटाळू नये. आमच्या जुन्या गवंड्यांनी ते घर बांधताना भिंतींत चिचाची, म्हणजे आमच्या मक्याच्या दारूची, रिकामी मडकी बसवली, तोंडं आतल्या बाजूला ठेवून. त्या घरात एखाद्या दिवशी जे बोललं जातं ते मडकी ठेवून घेतात, आणि दर वर्षी त्याच दिवशी डोंगरावरचा वारा सुटला की परत देतात. सोयरिकी, भांडणं, पोरांची रडणी, सगळं. मात्र ते परत येत असताना त्यावर कोणी नवं बोललं की तेवढं जुनं पुसलं जातं आणि नवं राहतं. म्हणून राखणदारीण दारातच प्रत्येकाच्या तोंडात कोकाच्या पानांचा बोकणा भरते, म्हणजे जीभ जागची हलत नाही. दोन्यांनी तर एकदा साक्षात बिशपसाहेबांच्या तोंडात तो कोंबला होता. हसा, आज हसायला हरकत नाही.

संपाच्या वर्षी आपली माणसं त्याच घरात बसली होती. अध्यक्षांचे थोरले बंधू सेवेरो यांनी हजेरी घेतली. एकेकाचं नाव आणि एकेकाचं ‘हजर’. मग दारावर बंदुकांचे दस्ते. त्यापुढचं मी सांगत नाही. सैनिकांनी ट्रक भरून नेले आणि पुरायलासुद्धा कोणी परत मिळालं नाही. तेव्हापासून दर वर्षी त्या दिवशी आपण तिथं मुकाट बसतो, आणि गेलेली माणसं आपापल्या आवाजात हजेरी देतात.

फक्त एका नावाला उत्तर येत नाही. रुफिनो चोके. दोन्यांचा मुलगा.

गावानं त्या गप्प जागेचा अर्थ लगेच लावला. तो आत नव्हताच, सैनिकांना वाट त्यानंच दाखवली, आता शहरात मजेत आहे. बाजारात बायका विचारायच्या, “काय गं सेनोबिया, पोराची खुशाली आली का?” आपण सगळे इथं आहोत, तेव्हा कोण विचारायचं हे मी सांगायला नको.

मला नवल वाटतं ते वेगळ्याच गोष्टीचं. घराची किल्ली याच बाईकडे होती. मुलाच्या नावानंतर कोणाकडून तरी एक ‘हजर’ म्हणवून घेतलं असतं, तर गावाची तोंडं कायमची बंद झाली असती. त्यांनी ते केलं नाही. का? कारण तिथं त्यांना काहीतरी ऐकू येत होतं. दाराजवळच्या खालच्या मडक्याला कान लावून त्या बसायच्या, आणि त्यांनी एकदा सांगितलंही होतं, “तो आतच आहे. नाव घेतलं तेव्हा त्याला खाणीची ढास लागली होती. पोंचो तोंडावर दाबून खोकतोय.”

त्यावर आपण काय केलं? अध्यक्षमहाराज, आपण म्हणालात, “आईच्या कानाला काय, रिकाम्या मडक्यातही घंटा ऐकू येईल.” हशा पिकला. उठून त्या मडक्याला कान मात्र कोणी लावला नाही. मीही नाही.

यंदा आपल्याला पाझर फुटला. अध्यक्ष संघाच्या बैठकीत म्हणाले, “पोर कसंही असो, बाईनं फार सोसलं. या वर्षी त्याच्या नावाला आपण उत्तर देऊ.” दफनभूमीत कोणाला पुरताना त्याच्या नावाला आपण ‘हजर’ म्हणतो तसंच. दोन्यांना सांगायचं नाही असं ठरलं. त्यांनी नेहमीसारखी पानं वाटली आणि मडक्याला कान लावला. सेवेरोंनी रुफिनोचं नाव पुकारलं. अध्यक्षांनी पानं थुंकली, आपण सगळ्यांनी थुंकली, आणि जीव तोडून ओरडलो, ‘हजर’. कित्येकांना रडू आलं. किती चांगले आहोत आपण, असं वाटलं.

बाहेर आल्यावर अध्यक्षांनी दोन्यांचे हात धरले. “झालं गं बाई. पोर आपल्यात आलं.”

दोन्या म्हणाल्या, “तो होताच की. आता नाही.” आणि किल्ली अध्यक्षांच्या हातात ठेवली.

ही निवृत्ती, फादर. राखायला काही उरलं नाही म्हणून घेतलेली. रुफिनो आत होता हे आता कोणालाच ऐकू येणार नाही. नव्हता, असं म्हणणाऱ्यांना मात्र अडवणारं काही राहिलं नाही. पुढच्या वर्षी त्याचं नाव येईल आणि त्यापुढे आपलाच आवाज येईल, दणदणीत. आपल्या नातवंडांनाही तोच ऐकू येईल.

अध्यक्षांनी मला मध्येच थांबवलं नाही, हा त्यांचा मोठेपणा. फादरांचे, सूप रांधणाऱ्या भगिनींचे आणि आपणा सर्वांचे आभार. बोलण्यात काही उणं-अधिक झालं असेल तर पोटात घाला. संघाच्या या सभागृहात बोललेलं उद्यापर्यंत विरून जातं. दोन्या, तुमच्याकडे क्षमा मागायला मात्र मला तोंड नाही. हे मानपत्र घ्या.