जानरावाची चौथी फायनल

...हसा, हसा! तुमी बी हसा! तीन वर्सं झाली, अख्खा मोताळा हसून राह्यला, मंग तुमीच काऊन मागं राहता? परवा एस.टी.त कंडक्टर तिकीट फाडता फाडता मले इचारते, "तुमीच का हो ते, पाया पडता पडता गोल खानारे?" भरल्या गाडीत! म्हनलं हाव बाबा, मीच तो, शालिग्रामचा इंद्रभान, मोताळ्याचा गोलकीपर, पुढचं तिकीट फाड! आता तुमाले सांगतो, पयल्यापासून सांगतो, एकही गोष्ट लपवत नाही, आन मंग तुमीच बोला... याच्यात माही काय चूक?

आमच्याकडं विहिरीले भोक पाडायची मशीन आली होती, आन त्या मशीनसंगं एक गोरा आला. हॉलंडचा. सहा फूट चार इंच! आमच्या दाराची चौकट त्याच्या कपाळाले वर्सभर लागत राह्यली, पन गड्यानं वाकायची सवय काही लावून घेतली नाही. नाव सांगे यान. यान हे काय नाव झालं? माही माय मंजुळाबाई, तिनं पयल्याच दिवशी त्याचं जानराव करून टाकलं, आन तो बी खुशाल ओ द्यायले लागला. मराठी शिकला तो मशीनवरच्या गड्यांकडून... म्हंजे कशी शिकला असन, इचार करा! एक मोठे साहेब मशीन पाहाले आले, त यानं दोन्ही हात जोडले, कमरेतून वाकला, आन मोठ्या अदबीनं म्हने, "काऊन बे साहेब, बरा हायेस ना?" साहेब जे जीपमंधी बसले ते पुन्हा मोताळ्याकडं फिरकले नाहीत.

त हा जानराव तिकडं गोलकीपर होता. बारा वर्सं गोलात उभा, आन मंग पाच वर्सं कोच. हाताची तीन बोटं वाकडी, तिन्ही तीन दिशेले. आमी इचारलं, जानराव, कप किती जिंकले? त तो आभाळाकडं पाहे. फायनल तीन खेळला आन तिन्ही हारला! पयल्या फायनलले चेंडू दोन पायांच्या मधून गेला, दुसऱ्या टायमाले डोळ्यावर ऊन आलं, आन तिसऱ्या टायमाले हा कोच होता त याच्याच गड्यानं डोक्यानं आपल्याच गोलात चेंडू घातला. आता बोला! पेटीत त्याच्या एकच फोटो. चिखलात आडवा पडलेला जानराव आन चेंडू मागं जाळ्यात. म्हनलं, जानराव, एखादा गोल अडवल्याचा फोटो ठेवाचा ना जवळ! त म्हने, "इंदरभान, गोल झाला की फोटो काढते लोक. अडवला त कोन काढते बे?" लय लागलं मले ते. तवाच ठरवलं, या मानसाले एक तरी शील्ड दाखवायचं.

आन मले गोलात उभं कोनी केलं? त्यानंच! आमचा भाजीपाल्याचा मळा. बाजाराच्या दिवशी माहा बाप बैलगाडीवर उभा राहून कोहळे फेके आन मी खाली झेलो. दहा दहा शेरांचे कोहळे! एक हातातून सुटला की फुटला, आन फुटला की बाप गाडीवरून खाली उतरे, म्हनून सुटतच नव्हता. जानराव तिथं वांगे घ्यायले आला होता. उभाच राह्यला. वांगे राह्यले बाजूले, सगळी गाडी खाली होईपर्यंत पाहत राह्यला, आन मंग माह्या बापाले म्हने, "शालिग्राम, हे पोट्टं मले दे." बापाले वाटलं, सोयरीक आनली!

मंग काय, रोज सकाळी मैदान. शिकवलं काय? एकच गोष्ट! "इंदरभान, घरात नको बसू, पुढं ये! चेंडू दारात येईपर्यंत थांबू नको, तूच जा त्याच्याकडं!" आमच्याकडं पाहुना दारात आला की मंग सामोरं जायचं असते, याचं सगळंच उलटं! पन शिकलो. गुडघे फोडून शिकलो. आन त्या साली, सहासष्टले, आमची मोताळ्याची टीम, जिले बुटं बी सगळ्यांले नव्हती, ते धडाधड जिंकत जिंकत जिल्ह्याच्या शील्डच्या फायनलले! फायनल पंधरा ऑगस्टले, आमच्याच मैदानावर. आन वीस तारखेले मुंबईहून जानरावाचं जहाज, म्हंजे मानूस चालला कायमचा. आता नाही त कधीच नाही. मी मारुतीसमोर शेंदूर हाती घेऊन म्हनलं, देवा, चौथी तरी जिंकू दे त्याले.

आन समोर टीम कोनाची? देऊळघाटची! देऊळघाटचा सेंटर फॉरवर्ड कोन? तुळशीराम! तुळशीराम कोन? आमचा जावई! माह्या लहान्या बहिनीचा नवरा, लग्नाले पुरं वर्स बी नव्हतं झालं. आन त्या साली श्रावन अधिक. म्हंजे धोंड्याचा महिना, आन नव्या जावयाचा पयला धोंडा! माय म्हने, "सोळाले अवस, मंग महिना खलास. जावई मॅचले मोताळ्यात येतेच हाये, त पंधरा तारखेलेच बोलवा जेवाले." म्हनलं, माय, त्याच दिवशी फायनल हाये. म्हने, "मंग बरंच झालं, उपाशीपोटी कसे खेळतीन जावईबापू?"

तवा माह्या डोक्यात आलं... खोटं काऊन बोलू... की खाऊ द्या! पुरनाचे धोंडे, त्याच्यावर तुपाची धार, बारा-चौदा धोंडे पोटात गेल्यावर कोन मायचा लाल पळते? पन एक गोष्ट मी इसरलो. जावई एकटा जेवत नसते! सोबतीले मेहुना बसवा लागते, आन जावयानं एक घेतला की मेहुन्यानं बी एक घ्या लागते, नाही त जावई हात आखडते. तुळशीरामनं चौदा खाल्ले. मी बी चौदा खाल्ले! जानरावालेही पंगतीले बसवलं होतं. तो बिचारा डोक्याले हात लावून म्हने, "इंदरभान, बस कर बे, दोन घंट्यांनं मॅच हाये!" आन माही माय त्याच्याच ताटात चार धोंडे टाकून म्हने, "खा जानराव, जहाजावर कोन वाढनार हाये तुले?" बोला, याच्यात माही काय चूक?

जेवनं झाली. आता जावयाचे पाय धुवायचे, तेहतीस अनारशांचं ताट द्यायचं, आन सगळ्यांनं पाया पडायचं. तुळशीराम माह्याहून चार वर्सांनं लहान, पन धोंड्याच्या महिन्यात जावई म्हंजे विष्णू, तिथं वय पाहत नाहीत. माय पानी तापवून राह्यली, तेवढ्यात निरोप आला, शील्ड द्यायले आलेल्या पाहुन्या साहेबाले लवकर जायचं हाये, मॅच आत्ताच्या आत्ता! आमी दोघं चौदा चौदा धोंडे घेऊन मैदानाकडं पळालो, आन मागून माय वरडून राह्यली, "अरे, पाया पडायचं राह्यलं रे! उद्या अवस हाये रे!"

मॅच काय सांगू? घोटाभर चिखल. तुळशीराम चेंडूमागं पळे, मधीच थांबे, पोटाले हात लावे, पुन्हा पळे. मी खांब धरून उभा. पन चेंडू आला की झेलो! ढेकर देत देत झेलो! शून्य-शून्य. पाच मिनिटं राह्यली. आन तुळशीराम निघाला ना चेंडू घेऊन, एकटा! इकडून जानराव गरजला, "इंदरभान, पुढं ये बे!" मी गेलो पुढं. जसं शिकवलं तसंच गेलो. झेप घेतली, चेंडू राह्यला बाजूले, आन जावईबापू सपशेल आडवे! पेनल्टी!

आन तेवढ्यात माही माय मैदानाच्या कडेले पोचली. हातात अनारशांचं ताट, ताटात दिवा, दिव्याले पदराची आड... आन तिले पयलं दिसलं काय? चिखलात लोळलेला जावई, आन वरून मी! "अरे मेल्या! धोंड्याच्या जावयाले पाडलं?" अख्खं मैदान खो खो हसून राह्यलं. तुळशीराम उठला. चेंडू ठेवला. मारला. आन तुमाले सांगतो, आयुष्यात तसा चेंडू मी पुन्हा झेलला नाही! उजव्या खांबाच्या बुडाशी, जमिनीसरपट येऊन राह्यला होता, मी आडवा झालो, दोन्ही हातांत घट्ट! मोताळा नाचून राह्यला! टोप्या उडून राह्यल्या! जानरावाच्या डोळ्यात पानी... मी पाह्यलं ना, सोताच्या डोळ्यांनं पाह्यलं!

पन तुळशीराम... मारता मारता घसरला आन पुन्हा आडवा. एका दिवसात दोनदा जावई चिखलात! मले बी वाईट वाटलं. चेंडू काखेत धरून गेलो उठवाले. उठवला. त मागून माय, "इंद्रभान, पाया पड आधी! दिवस बुडून राह्यला!" आता पाया कसं पडतात? दोन्ही हातांनं! काखेत चेंडू धरून एका हातानं जावयाच्या पाया पडलं, त सासुरवाडीनं अपमान केला म्हनून जन्मभर आयकून घ्या लागते. मी चेंडू खाली ठेवला. वाकलो. त्याच्या डाव्या पायाले हात लावला...

त्यानं उजव्यानं मारला!

तोंडानं म्हनून राह्यला "असू द्या, असू द्या", आन पायानं गोल! मागं गोल सताड उघडा. चेंडू लोळत लोळत, घाई नाही गडबड नाही, आत जाऊन बसला. पंचानं शिट्टी मारली. एक-शून्य. मॅच खलास. देऊळघाटवाले जावयाले खांद्यावर घेऊन नाचले, आन माही माय दिवा घेऊन त्यांच्या मागं मागं पळे... जावयाले ओवाळाले!

मी तिथंच चिखलात बसलो, लहान्या लेकरासारखा रडलो. जानराव आला. म्हनलं, मार मले, जानराव, जोड्यानं मार. तो बसला बाजूले. मंग हळूच इचारते, "चेंडू खाली काऊन ठेवला बे?" म्हनलं, पाया दोन्ही हातांनं पडा लागते, एका हातानं पडलं त मानसाचा अपमान होते. त्यानं आपल्या वाकड्या बोटांकडं पाह्यलं. इचार केला. आन म्हने, "हां... मंग बरोबर हाये."

एवढंच! शिवी नाही, काही नाही! शिवी दिली असती त मी इसरलो तरी असतो. वीस तारखेचं जहाज, म्हनून दुसऱ्या दिवशीच निघाला. जाता जाता गळ्यातली शिट्टी माह्या गळ्यात घातली, म्हने, "आता तू कोच. शील्ड जिंकला की पत्र टाक. तोवर टाकू नको, हारल्याची खबर ऐकून ऐकून कान पिकले माहे."

त झालो कोच. मन लावून शिकवतो. पयला धडा, पंचाची शिट्टी झाल्याबिगर कोनाच्याच पाया पडायचं नाही, साक्षात बाप आला तरी नाही! पोट्ट्यांनी पाळलं. पुढच्याच साली पुन्हा फायनल मारली, आन समोर चिखलीची टीम, त त्यांचा गोलकीपर आमच्या सेंटर फॉरवर्डचा व्हनारा साळा! चार वेळा एकटा समोर गेला आमचा गडी, चारही वेळा चेंडू हळूच त्याच्या हातात नेऊन दिला! म्हने, "आता मारला असता त साखरपुडा मोडला असता ना, भाऊ." या साली देवानं सगळं नीट आनलं, नातं नाही, गोतं नाही, त पंच निघाला आमच्या गोलकीपरचा सासरा, आन सासऱ्यानं दिलेल्या पेनल्टीवर हरकत कोन घेते?

काल शेवटी जानरावाले विमानाचं निळं पत्र टाकलं. नको म्हनला होता, तरी टाकलं. लिवलं, "जानराव, टीम तयार हाये, बुटं बी आली, शील्ड आनतोच. फक्त या जिल्ह्यात मोताळ्याची सोयरीक नाही असं एक गाव सापडू दे."