शेवटचं जेवण

जपानमधल्या कुरे बंदरातल्या नौसैनिक स्मारकासमोरचा बसथांबा. लढाईत बुडालेल्या ‘सायोकाझे’ विनाशिकेवरच्या मृतांचं वार्षिक श्राद्ध आटोपलं होतं. रांगेत आम्ही तिघंच. माझ्यापुढे एक म्हातारे खलाशी आणि एक आजी.

“वहिनी, आज सांगूनच टाकतो. मी खाली बॉयलरवर, तुमचे मालक वर तोफेवर. दोन वर्षं एका जहाजावर होतो, पण मी त्यांना ओळखतच नव्हतो.”

“मग शेवटचं काय जेवले, ते दरवर्षी सांगता ते?”

“तुम्ही विचारता. नाही कसं म्हणू? टॉर्पेडो लागला आणि मी पोहून वाचलो, तेवढंच खरं.”

“मला पहिल्याच वर्षी कळलं, भावजी. बांगडा म्हणालात. ह्यांना बांगड्याचा वासही सहन व्हायचा नाही.”

“मग बोलला का नाहीत?”

“तुम्ही सांगाल ते रांधते आणि संध्याकाळी ह्यांच्या फोटोपुढे ठेवते. एकोणतीस वर्षं झाली.”

“बांगडासुद्धा ठेवलात?”

“ठेवला. नंतर मीच संपवला. ती बघा, बस आली. यंदा काय जेवले?”

“यंदा... भोपळा. गोड शिजवलेला.”

“बरं झालं. घरात आहे.”